साडेअठ्ठ्याण्णव

"बाबा, आवाज असा का येतोय? आधी ताप मोजा, असेल तर मी लगेच निघते," लेक फोनवर म्हणाली. तिला बघून आठ महिने झाले होते. बाबांनी कपाटातला थर्मामीटर काढला. पारा अजून साडेअठ्ठ्याण्णववरच होता. आई गेली त्याच्या आदल्या संध्याकाळी तिनेच तो डोळे बारीक करून वाचला होता: "बघा, तुमच्या डोक्यापेक्षा माझं अंग थंड!" पारा झटकेपर्यंत तिथेच राहतो, आता मोजायचं म्हणजे तिचा आकडा पुसायचा. बाबांनी झटकायला मनगट उचललं आणि तसंच खाली घेतलं. "मोजलात का? किती आहे, बाबा?" "साडेअठ्ठ्याण्णव." "हुश्श! मग उगाच कशाला घाबरवता? येईन पुढच्या महिन्यात, रजा मिळाली तर." फोन ठेवून बाबांनी थर्मामीटर नळीत सरकवला. पाऱ्याच्या टोकाला मात्र बोट लागू दिलं नाही. बोटं फार तापली होती.