चौथा साक्षीदार

हामेलबाईंनी तळघरातल्या पट्टीवरून बोट फिरवलं, तेव्हा जेर्व्हे लकानूनं श्वास रोखून धरला. प्लास्टर पहाटेचं होतं. वरून कोरडं दिसत होतं खरं, पण बोट जरा दाबलं असतं तर ओल लागली असती. बाईंनी दाबलं नाही. विजेरीच्या उजेडात त्यांनी पट्टीवर कोरलेली तारीख वाचली, सहा फेब्रुवारी, आणि समाधानानं मान डोलावली.

रोकव्हीलच्या किल्ल्याचा समुद्राकडचा बुरुज हिवाळ्यात तडकला होता. तळघरापासून थेट माथ्यापर्यंत, बोट जाईल एवढी चीर. सरकारी इंजिनियर म्हणून हामेलबाई आल्या. त्यांनी चिरेवर आडवी प्लास्टरची पट्टी लिंपली आणि तिच्यावर तारीख घातली. गवंडी अशा पट्टीला साक्षीदार म्हणतात. भिंत हलली की आधी साक्षीदार फुटतो. फुटला तर त्याच दिवशी मला फोन करा, असं राखणदार जेर्व्हेला बजावून बाई गेल्या आणि बुरुजाला कुलूप लागलं.

जुलैच्या मध्यावर साक्षीदार फुटला. जेर्व्हेनं फोन उचलला आणि परत ठेवून दिला. फोन केला म्हणजे अख्खा किल्ला बंद, आणि वेशीच्या कमानीवरच्या त्याच्या दोन खोल्या रिकाम्या. त्याच खोल्यांत तो जन्मला, त्याच खोल्यांत त्याचा बाप गेला. तिथून उठून बायकोला घेऊन शहरातल्या कुठल्याशा इमारतीत राहायचं, हे त्याला कल्पनेतही नको होतं. झाकली मूठ सव्वा लाखाची. त्यानं जुनं प्लास्टर खरवडलं, नवं लिंपलं, बाईंच्या वळणानं तीच तारीख कोरली. पुढेही तेच करत राहिला. बुरुजाला कुलूप आहे, आत चिटपाखरू जात नाही, मग कुणाचं काय बिघडतं? माणूस स्वतःची समजूत घालायला बसला की वकिलालाही हार जात नाही.

कुणाचं बिघडत नव्हतं, पण बुरुजाचं बिघडतच होतं. इंग्लंड जिंकायला निघालेल्या ड्यूकबरोबर जाऊन गबर झालेल्या कुणा सरदारानं तो बांधला त्याला नऊशे वर्षं झाली. तेव्हा समुद्र कोसभर लांब होता. आता पायाशी आपटत होता. भिंतीची जाडी दोन पुरुष, पण दगड फक्त दोन्ही अंगांना. मध्ये सगळा चुन्याचा आणि खडीचा भराव. तो भराव आतल्या आत खाली बसत होता. शांत दुपारी जेर्व्हेला तो ऐकू यायचा, फाटक्या पोत्यातून धान्य गळावं तसा.

बाईंनी मोबाइल काढला. साक्षीदार शाबूत आहे, सोडा त्यांना वर, असं त्या गावच्या मेयरला म्हणाल्या.

कुणाला वर सोडायचं, ते जेर्व्हेच्या ध्यानात आलं नाही. बाई हसल्या. आज पंधरा ऑगस्ट ना? दर्याला आशीर्वाद द्यायचा दिवस. दर वर्षी चर्चमधून सगळं गाव या बुरुजावर चढायचं, पाद्री होड्यांवर तीर्थ शिंपडायचा, बुडालेल्यांची नावं वाचायचा. यंदा ते अंगणातच उरकायचं ठरलं होतं. पण मेयरनं आठ दिवस फोन करून करून बाईंचं डोकं उठवलं होतं. शेवटी बाई म्हणाल्या, मी स्वतः येते, साक्षीदार धड असेल तर उघडा. जेर्व्हेला खूश करायचं म्हणून हे त्याच्यापासून मुद्दाम लपवलं होतं.

पावलं वाजायला लागली. जिना भिंतीच्या पोटात होता, एका वेळी एकच माणूस मावेल एवढा. एकामागून एक माणसं डोक्यावरून चढत होती. हसणं, कुणाचं तरी रडकं पोर, पाद्रीबुवांचा खोकला. झरोक्यातून जेर्व्हेच्या बायकोचा, ओदीलचा आवाज आला. "अहो, घुशीसारखे तळघरात काय बसलाय? माझे गुडघे चढतायत, तुम्हाला काय धाड भरलीय?"

जेर्व्हेनं झरोक्याकडे पाठ केली. अर्ध्या तासाचा तर सोहळा. नऊशे वर्षं उभा राहिलेला बुरुज आणखी अर्धा तास उभा राहणार नाही का? तेवढं निभावलं की घर वाचलं, अब्रू वाचली. तो हिशेब करत होता आणि चिरेतून चुन्याची बारीक धार त्याच्या बुटावर पडत होती. पावलांगणिक ती वाढत होती. त्याला स्वतःची किळस आली.

"बाई, हा साक्षीदार तुमचा नाही," तो म्हणाला. "माझा आहे."

 हामेलबाईंनी अंगठ्यानं पट्टी दाबली. अंगठा ओला झाला.

"कितवा?"

"माझा चौथा. पहिला तीन आठवडे टिकला. दुसरा नऊ दिवस."

"आणि तिसरा?"

"काल लावला होता."

 बाई जिन्याकडे धावल्या आणि दारातच थबकल्या. एवढ्याशा जिन्यात शे-सव्वाशे माणसं. पळा म्हणून ओरडलं तर बुरुजाच्या आधी जिनाच त्यांना मारणार. शेवटच्या माणसापासून एकेकाला, सावकाश, काही झालंच नाही असं उतरवायला हवं होतं. आणि बाईंना तर त्या गावात कुणी ओळखतही नव्हतं.

"लकानूकाका, तुम्ही सांगा त्यांना," त्या दबक्या आवाजात म्हणाल्या. "ऐकतील ना तुमचं?"

"ऐकतात," जेर्व्हे म्हणाला. वरच्या पावलांचा आवाज थांबला होता. सगळे माथ्यावर पोचले होते. "परवा कॅफेत सगळे बिचकत होते, यंदा अंगणातच बरं म्हणत होते. मीच छाती ठोकून सांगितलं, बुरुजाला काही होत नाही. कुलूप निघेल असं स्वप्नातही नव्हतं, बाई. माझं ऐकूनच तर वर गेलेत."