आईचा सूर

चर्चमध्ये बाबांच्या शवपेटीपाशी आईने आळवलेला सूर अर्लीनने न विचारताच आपल्या डिस्को गाण्यात घेतला आणि त्यावर अख्खं डेट्रॉईट नाचलं. आज त्याच चर्चमध्ये अर्लीनच्या धाकट्या भावाची शवपेटी होती. पांढरी टोपी सावरत आई उठली. "गा, बाई, गा!" म्हातारी मंडळी म्हणाली. आईने डोळे मिटून तोच सूर लावला. मागच्या बाकावर पोरांच्या पायांनी ठेका धरला. अर्लीनने रागाने वळून पाहिलं. "आमच्याकडे काय बघतेस, ताई?" एक पोरगी कुजबुजली. "स्वतःचा पंखा बघ की!" अर्लीनच्या हातातला कागदी पंखा त्याच ठेक्यावर हलत होता. आईने डोळे उघडले, तो हलता पंखा पाहिला आणि तिचा सूर तुटला. ती मटकन खाली बसली. "चुकलं माझं, आई. गा ना," अर्लीन म्हणाली. आईने तिच्या हातातून पंखा काढून घेतला. "तो सूर आता तुझा झाला, पोरी. मला रडायला तेवढा दुसरा शिकव."