घटिकापात्र बुडेना

लग्नाचा मुहूर्त थोपवून धरणारं तांब्याचं घटिकापात्र हेमांगीने फुरसं चावलेल्या निनादच्या उशाशी पाण्यात सोडलं आणि ती झटकन खोलीबाहेर पडली. पात्र भरून बुडेपर्यंत आतला काळ थांबणार होता, लेकाच्या अंगात विष भिनणार नव्हतं.

डॉक्टर इंजेक्शन घेऊन पोहोचले, तरी पात्र तरंगतच होतं.

"पाणी आत का शिरत नाही? काय केलंत?"

"रीतच आहे ना, तुपात कालवून कुंकू लावलं, पात्राच्या बुडाला."

"अहो बाई, भोक तिथंच असतं! बुजवलंत की!"

"मग काढते."

"आत गेलात तर तुम्हीही थिजाल. कायमच्या."

निनादचं तोंड 'आई' म्हणता म्हणता उघडं राहिलं होतं.

"एकटा आहे हो तो," म्हणत हेमांगीने डॉक्टरांचा हात झिडकारला आणि उंबरा ओलांडला.