उणे वीसच्या खोलीत

“पाय गोठले ना जी साहेब!” बूट तपासायच्या, उणे वीस अंशांच्या थंड खोलीतून बेबीताई कुडकुडत बाहेर आल्या आणि बुटांचे डिझायनर खडतकर पलीकडच्या टेबलाशी मटकन बसले. बाहेर चंद्रपूरचा मे महिना रणरणत होता.

बर्फाळ देशात पाठवायच्या बिनलेसच्या बुटात खडतकरांनी आधी फोमचा थर भरला, मग लोकरीचा, मग दोन्हींचा. बूट हत्तीच्या पायाएवढा झाला, तरी चाचणी घेणाऱ्या बेबीताईंचे पाय गारठतच होते. उद्या परदेशी पाहुणे येणार होते आणि ऑर्डर हातची जाणार होती.

शेवटी बेबीताई पुन्हा चाचणीला गेल्यावर थोड्या वेळानं खडतकर स्वतःच आत शिरले. बेबीताई अनवाणी उभ्या होत्या.

“अहो, बूट कुठंयत?”

“दाराबाहेर काढले ना जी.” बेबीताईंनी खोली गार करणाऱ्या मशीनवरच्या गणपतीच्या फोटोला हात जोडले. “दसऱ्याला तुम्हीच पूजा करून लावला. देवापुढं बूट घालून उभी राहू का?”

“अहो, थोडी तरी अक्कल...” खडतकर कडाडले आणि मध्येच थांबले. तळपायांना गारठा झोंबत होता. त्यांनी खाली पाहिलं, मग दाराच्या काचेतून बाहेर. बेबीताईंच्या बुटांशेजारी त्यांचेही बूट नीट जोडीनं ठेवलेले होते.