उजव्या दाराचं ताट

सुरतेजवळ उधन्याच्या चाळीत सरलाबाईच्या नवऱ्याला, उखाला, शेजारच्या हिरालालनं सकाळी भोसकलं. कारण काय, तर नळावर आधी बादली कुणाची. दुपारपर्यंत पोलिसांनी एकाला कोठडीत नेलं, दुसऱ्याला पोस्टमार्टेमला, आणि नळ मोकळा झाला.

मयताच्या घरी चूल पेटत नाही. पहिलं जेवण उजव्या दाराच्या शेजाऱ्यानं आणायचं, हा चाळीचा नियम. प्लेगात अर्धी सुरत पळाली, तरी तो मोडला नव्हता. पण सरलाबाईच्या उजवीकडे राहायची मंजाबाई, हिरालालची आई. बाकीच्या घरांत भाकरी तयार होत्या, तरी कुणी पुढे येईना. दुसऱ्याची पाळी मोडल्यावर काय होतं, ते सगळ्यांनी सकाळीच पाहिलं होतं.

दिवेलागणीला माणसं उखाला पोचवून परतली, तशी मंजाबाई भाकरी-पिठल्याचं ताट घेऊन आली. अख्खी चाळ दारात उभी राहिली. रडावं की ताट भिरकावावं, सरलाबाईला काहीच सुचेना. पोरं मात्र सकाळपासून उपाशी होती. तिनं आधी स्वतः एक घास खाल्ला.

"मावशी, पिठल्यात मीठ नाही."

"मीठ तर रोज तुझ्याकडनंच नेते ना, माय," मंजाबाई म्हणाली. "आज कोणत्या तोंडानं मागू?"