तीन तारखेची सही

"सही इथे करा, आणि खाली तारीख मागच्या महिन्याची टाका. तीन." पतपेढीच्या वसुली अधिकाऱ्यानं कागद चष्म्याच्या दुकानातल्या काउंटरवर सरकवला आणि वर स्वतःचं पेन ठेवलं.

चष्मेवाल्यानं पेनाला हात लावला नाही. घासायला घेतलेली काच त्यानं उजेडाकडे धरली, कडेवरून अंगठा फिरवला. "आज किती तारीख?"

"एकोणीस. पण तुम्ही तीन टाका."

"तीन तारखेला मला कोणी विचारलं होतं?"

अधिकाऱ्याशेजारी उभा असलेला साडू ओशाळं हसला. धाकट्या मेव्हणीचा हा नवरा. फर्निचरच्या दुकानासाठी काढलेलं कर्ज त्याचं, आणि जामीनदार दोघं: चष्मेवाला आणि दोघांचे सासरे. हप्ते थकल्यावर पतपेढीनं कर्जदाराचा नाद सोडला आणि चष्मेवाल्याला धरलं. त्याच्या दुकानाचं शटर रोज नऊला वर जातं, माणूस हमखास सापडतो. आठ महिने तो मुकाट भरत होता. आणि मागच्या महिन्यात पतपेढीनं परस्पर साडूला तीन वर्षांची मुदत वाढवून दिली होती.

काल वकील म्हणाला होता, "जामीनदाराला न विचारता मुदत वाढवली? मग तुम्ही सुटलात. आता फक्त एक करा, मुदतवाढीला संमती म्हणून ते पुढे करतील त्या कुठल्याही कागदावर सही करू नका."

"साडूभाऊ, एवढीशी तर सही," साडू म्हणाला. "आपला हप्ता निम्म्यावर येतोय."

"आपला? आठ महिने आपला हप्ता मी एकटाच भरतोय. सोफ्यावर तेवढे तुम्ही बसता."

"मी काय मजा मारली का? धंदा बुडाला माझा."

"बुडाला खरा. बाहेर उभी केलेली नवी गाडी कशी काय तरंगली?"

साडूचं हसू मावळलं. अधिकारी मध्ये पडला. "हे सगळं जामीन राहताना बोलायचं होतं. जामीनदार म्हणजे कर्जदाराचा जुळा भाऊ. आम्ही दोघांपैकी कोणाचीही मानगूट धरू शकतो, तसा कायदाच आहे."

"मग धरा की. सही कशाला मागताय?"

अधिकाऱ्यानं शांतपणे कागदाचं पान उलटलं आणि बोट ठेवलं. सासऱ्यांची सही होती. अक्षरं ओळीच्या खाली घसरत गेलेली. तारीख तीन.

"तुमच्या सासऱ्यांनी आज सकाळीच केलीय. तुम्ही नका करू, बळजबरी नाही. तुम्ही सुटाल. मग उरलेले नऊ लाख एकट्या म्हाताऱ्याच्या अंगावर. दोन खोल्या आहेत ना त्यांच्या? लिलावात येतील तेवढे येतील."

मागच्या टेबलाशी फ्रेमला बारीक स्क्रू बसवत बसलेल्या बायकोचा हात थांबला. चष्मेवाल्यानं तिच्याकडे पाहिलं. तिनं वर पाहिलं नाही.

हातातली काच त्यानं खाली ठेवली. या दुकानाची पहिली अनामत सासऱ्यांनी भरली होती, आणि त्यानंतर एकदाही तो विषय काढला नव्हता. आता म्हाताऱ्याला त्या दोन खोल्यांतून उठवायचं, आणि आपण सुटलो म्हणून इथे बसून लोकांना नंबर काढून द्यायचे. वकिलाचं बोलणं कानात होतं, तरी त्यानं पेन उचललं. टोपण काढलं. साडूनं लगबगीनं कागद त्याच्यासमोर सरळ केला.

"थांबा," बायको म्हणाली.

ती उठून काउंटरपाशी आली आणि अधिकाऱ्याकडे बघून तिनं विचारलं, "बाबांनी वाचून सही केली?"

"एकेक ओळ वाचून. माझ्यासमोर. तसं खाली लिहिलंयसुद्धा, वाचून व समजून."

"मीही होतो ना ताई," साडू म्हणाला. "चांगला अर्धा तास वाचत होते."

तिनं दुरुस्तीच्या कामांचा खण ओढला. चिठ्ठ्या लावलेल्या पाकिटांतून एक उचललं आणि आतला चष्मा काढून सासऱ्यांच्या सहीवर ठेवला. जाड काचा, एक काडी नवी बसवलेली.

"बाबांचा आहे. परवापासून इथेच पडलाय. याच्याशिवाय त्यांना ताटात काय वाढलंय ते विचारावं लागतं."

रस्त्यावरून कोणीतरी सायकलची घंटा वाजवत गेलं. अधिकाऱ्यानं साडूकडे पाहिलं, साडूनं दाराकडे. मग अधिकाऱ्याचा हात कागदाकडे गेला, पण त्याआधी चष्मेवाल्याचा तळवा त्यावर पडला होता.

"कागद द्या इकडे." अधिकाऱ्याचा आवाज खाली आला होता. "पतपेढीचा कागद आहे तो."

"असेल," चष्मेवाला म्हणाला. त्यानं हात उचलला तो बायकोनं कागद घेतल्यावरच.

तिनं कागदाची घडी घातली, चष्म्याबरोबर पाकिटात ठेवली आणि चपला पायात सरकवल्या. "बाबांना वाचायला देऊन येते."

साडू पुढे होऊन उंबऱ्यात उभा राहिला. "ताई, स्वतःच्या बहिणीचा तरी विचार करा."

"तिचाच विचार करून यांना पहिली सही करायला लावली होती," ती म्हणाली, आणि तो वाटेतून बाजूला होईपर्यंत तिथेच उभी राहिली.