पायऱ्यांसमोरची टाळी

पूर्वजांनी बांधलेल्या जुन्या दगडी देवळाच्या पायऱ्यांसमोर टाळी वाजवली की वरून पाखरासारखी चिवचिव परत येते, हे आमच्या युकातानात शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. त्या रविवारी मात्र माझ्या नवऱ्याने, नासारिओने टाळी वाजवली आणि काहीच परत आलं नाही.

"तरी म्हटलं होतं, वाटाड्या घेऊ," मी म्हणाले.

"पणजोबांच्या घरात शिरायला वाटाड्या कशाला? दगडांनाही आज सुट्टी असेल!" नासारिओ हसला आणि माझं नाव घेऊन जोरात ओरडला. तेही परत आलं नाही.

दुपारी आम्ही जवळच्या सेनोटेवर गेलो. जमीन खचून झालेलं गोल विवर आणि तळाशी निळंशार, गार पाणी. नासारिओ पोहायला उतरला. मी पाण्याकडेच्या खडकावर बसून संत्र्याच्या फोडी तिखट लावून खात होते.

समोरच्या कपारीतून चिवचिव आली. मागोमाग सकाळचीच हाक, त्याच्याच आवाजात. "फिदेलियाऽऽ!"

"बघ, उशिरा का होईना, पोचली!" तो पाण्यातून ओरडला. मलाही हसू आलं.

मग त्याच कपारीतून माझा आवाज आला. "नासारिओ! नासारिओ!" घसा फाटलेला, रडवेला, थांबायचं नाव नाही.

"अगं हो, ऐकलं! एवढी एक बुडी मारतो आणि येतो," म्हणत तो पाण्याखाली गेला.

माझ्या तोंडात संत्र्याची फोड तशीच होती. मी अजून हाक मारलीच नव्हती.